सार्कमधली ओढाताण आणि उल्हासनगरची शिलाई

दक्षिण आशियातील राष्ट्रांची ‘सार्क’ ही संघटना ८ डिसेंबर १९८५ रोजी ढाका येथे स्थापन झाली. तिच्या शिखर परिषदा आणि जाहीरनामे यांच्या बातम्या पहिल्या पानावर येतात. आपण व्यापारी त्या वाचतो आणि पान उलटून बाजारभावाकडे जातो. परंतु या राष्ट्रसमूहात जे बिघडले आहे, त्याचा हिशेब उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर या पट्ट्यातल्या शिलाई कारखान्यात रोज होत असतो. कोणत्या लॉटला गिऱ्हाईक मिळेल, कारीगराला आठवडाभर काम पुरेल की बुधवारीच मशीन थंड पडेल, हे आजकाल दिल्ली आणि ढाक्याच्या कागदांवरही ठरते.

आपल्या पट्ट्याचा धंदा वाचकांना ठाऊकच आहे. डेनिमचे थान मुख्यतः अहमदाबादकडून येते. कटिंग उल्हासनगरात होते, शिलाई लहान लहान गाळ्यांत, मग काज-बटन, धागा कटिंग, धुलाई, इस्त्री आणि पॅकिंग. प्रत्येक कामाचा हात वेगळा आणि मजुरी नगावर. वालधुनी नदीच्या प्रदूषणाचे प्रकरण राष्ट्रीय हरित लवाद आणि सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेल्यानंतर शहरातले जीन्स धुलाईचे कारखाने बंद पडले. ते काम अंबरनाथ तालुक्यातल्या आणि कल्याण ग्रामीणच्या गावांकडे सरकले. भाडे परवडत नाही म्हणून कारीगरांची घरे बदलापूरपर्यंत गेली. म्हणजे एक पॅन्ट तयार होईपर्यंत तीन गावांचा संसार तिच्यावर चालतो. या धंद्यात सिंधी मालक, मुसलमान कारीगर, मराठी हेल्पर आणि बिहार-उत्तर प्रदेशचा ठेकेदार एकाच छपराखाली बसतात.

या पॅन्टला सर्वांत मोठी टक्कर बांगलादेशच्या पॅन्टची. त्याचे मूळ सार्कमध्येच आहे. जानेवारी २००४ मध्ये इस्लामाबादच्या परिषदेत ‘साफ्टा’ हा मुक्त व्यापाराचा करार झाला आणि १ जानेवारी २००६ पासून तो अमलात आला. गरीब सदस्य देशांना त्यात जास्त सवलत होती. सप्टेंबर २०११ मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग ढाक्याला गेले, तेव्हा कापड व कपड्यांच्या ४६ प्रकारांवरची जकात भारताने माफ केली आणि त्याच वर्षाअखेरीस दारू-तंबाखूसारख्या २५ वस्तू सोडून जवळजवळ सगळाच माल खुला केला. बांगलादेशी कपडा पेट्रापोलच्या नाक्यावरून ट्रकने येऊ लागला. मॉलमधल्या मोठ्या ब्रँडांनी तो उचलला. अलीकडच्या वर्षांत ही आयात सुमारे पाच हजार कोटी रुपयांच्या घरात होती. त्या कपड्यात कापड चीनचे असते आणि बिनजकातीची वाट मात्र आमच्या दारातून जाते, अशी इथल्या तयार कपड्यांच्या उत्पादकांची तक्रार होती. तक्रार अगदीच खोटी नव्हती.

मग ५ ऑगस्ट २०२४ रोजी शेख हसीना यांना ढाका सोडून भारतात यावे लागले आणि दोन्ही सरकारांतले संबंध बिघडत गेले. ८ एप्रिल २०२५ रोजी भारताने बांगलादेशचा माल आपल्या विमानतळांतून व बंदरांतून तिसऱ्या देशांना पाठवण्याची २०२० साली दिलेली सोय काढून घेतली. त्याच महिन्यात बांगलादेशने भारतीय सुताची आयात जमिनीवरच्या नाक्यांवरून बंद केली. १७ मे २०२५ रोजी भारताने हुकूम काढला की बांगलादेशचे तयार कपडे यापुढे फक्त न्हावा शेवा आणि कोलकाता या दोन बंदरांतूनच येतील. हुकूम निघाला त्याच दिवसापासून लागू.

आपल्या बाजारात त्या आठवड्यात लोकांनी पेढे वाटायचेच बाकी ठेवले होते. ‘आता माल आपलाच खपणार,’ असे ज्याच्या त्याच्या तोंडी होते. काही ऑर्डरी आल्याही असतील, नाही म्हणत नाही. पण जरा थांबून हिशेब मांडावा.

पहिली गोष्ट, माल बंद झालेला नाही, त्याने वाट बदलली आहे. पूर्वी तो बंगालच्या नाक्यावर उतरायचा. आता चट्टोग्रामहून जहाजाने श्रीलंकेला वळसा घालून जो माल पश्चिमेकडे येईल, तो न्हावा शेव्याला, म्हणजे आपल्याच ठाणे-रायगडच्या दाराशी उतरेल. वेळ आणि भाडे वाढले, हे खरे. मोठा ब्रँड महिनाभर आधी ऑर्डर देऊन ते सोसतो. अडतो तो पन्नास-शंभर गाठी मागवणारा लहान आयातदार. मोठ्यांना आवर घालण्यासाठी काढलेला हुकूम लहानांच्या मानेवर पडावा, हे आपल्याकडे नवीन नाही.

दुसरी गोष्ट सुताची. बांगलादेशात कापूस नावापुरता पिकतो. त्याच्या गिरण्यांना सूत लागते आणि भारताच्या सुताचे तो सर्वांत मोठे गिऱ्हाईक आहे. आपला कापूस, आपले सूत, त्यांची शिलाई, आणि तोच कपडा पुन्हा आपल्या दुकानात. आपण ज्याला परका माल म्हणतो त्यात विदर्भ-गुजरातच्या शेतकऱ्याची कमाईही विणलेली असू शकते. ढाक्याची खरेदी जोरात असली की इथे सुताचा भाव चढतो आणि भिवंडी-मालेगावचा यंत्रमागवाला कपाळाला हात लावतो. खरेदी थांबली की सूतगिरण्यांच्या चात्या थांबतात. दोन्हीकडून हलते ते आपलेच घर. भारतानेही हा दोर ओढून पाहिलेला आहे. एप्रिल २०१० मध्ये आणि पुन्हा ५ मार्च २०१२ रोजी कापसाची निर्यात अचानक बंद केली होती, तेव्हा ढाक्याच्या गिरण्यांनी बोंब ठोकली. सप्टेंबर २०१९ मध्ये कांद्याची निर्यात बंद केली, तेव्हा शेख हसीना दिल्लीत व्यापाऱ्यांच्या सभेत हसत हसत म्हणाल्या होत्या की मी स्वयंपाक्याला कांदा घालू नको म्हणून सांगितले आहे, पण निदान आधी कळवायचे तरी. लासलगावचा शेतकरी त्या वेळी हसत नव्हता.

आधी कळवायचे तरी! तीस वर्षे कापडाच्या धंद्यात काढल्यानंतर मला वाटते की सगळी तक्रार याच एका वाक्यात आहे. जकात वाढली तर व्यापारी भाव वाढवतो, कमी झाली तर घटवतो. ठरलेले बंधन कितीही कडक असो, त्यात धंदा बसवता येतो. पण माल रस्त्यात असताना नियम बदलला तर कोणत्याही हिशेबाच्या वहीत त्याला रकाना नाही.

हे असे का होते? सार्कच्या सनदेचे दहावे कलम पाहावे. सर्व निर्णय एकमताने व्हावेत आणि दोन देशांमधले वादाचे प्रश्न चर्चेला घेऊ नयेत, असे त्यात लिहिले आहे. हेतू चांगला होता, भांडण बाहेर ठेवून व्यापार आत करावा. झाले उलटे. भांडण बाहेर राहिले आणि त्याने सगळी बैठकच बंद पाडली. नोव्हेंबर २०१४ च्या काठमांडू परिषदेत एकमेकांच्या रस्त्यांवरून मालमोटारी नेण्याचा करार पाकिस्तानच्या नकारामुळे अडला. २०१६ साली इस्लामाबादला भरायची परिषद उरीच्या हल्ल्यानंतर रद्द झाली. काठमांडूनंतर शिखर परिषद झालेलीच नाही. सार्क देशांचा आपसातला व्यापार त्यांच्या एकूण व्यापाराच्या पाच टक्क्यांच्या आसपास अडकून पडला आहे. युरोपीय संघात हेच प्रमाण साठ टक्क्यांच्या घरात आहे.

युरोपात भांडणे नाहीत असे नव्हे. ग्रीसच्या कर्जाने त्यांची झोप उडवली आणि ब्रिटन तर घर सोडूनच गेले. पण जाण्याची रीत बघा. २३ जून २०१६ रोजी मतदान झाले, ३१ जानेवारी २०२० रोजी ब्रिटन बाहेर पडले आणि जुने व्यापारी नियम ३१ डिसेंबर २०२० पर्यंत चालू राहिले. साडेचार वर्षे दुकानदाराला माहीत होते की काहीतरी बदलणार आहे. तरीही डोव्हरला ट्रकांच्या रांगा लागल्याच. आपल्याकडे साडेचार तासही मिळत नाहीत.

पाकिस्तानशी असलेल्या व्यापाराची कथा याहून जुनी आहे आणि उल्हासनगरला ती कोणी सांगावी? सिंध प्रांत १ एप्रिल १९३६ पर्यंत मुंबई इलाख्यातच होता. कराची आणि मुंबई ही एकाच पेढीची दोन दुकाने असल्यासारखी चालत. सिंध-पंजाबचा लांब धाग्याचा कापूस मुंबईच्या गिरण्या वापरत. फाळणीनंतर निर्वासित सिंधी बांधव कल्याणच्या लष्करी छावणीत आले आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी यांच्या हस्ते त्या छावणीचे उल्हासनगर झाले. पुढच्याच महिन्यात भारताने रुपयाचे अवमूल्यन केले, पाकिस्तानने केले नाही, आणि दर कोणता धरायचा या वादात दोन देशांचा व्यापार ठप्प झाला. फेब्रुवारी १९५१ मध्ये तो पुन्हा सुरू झाला. १९६५ च्या युद्धाने जो तुटला तो १९७४ च्या अखेरीस कराराने जुळला. १९९६ साली भारताने पाकिस्तानला विशेष दर्जा दिला, पुलवामानंतर फेब्रुवारी २०१९ मध्ये तो काढून २०० टक्के जकात बसवली. ऑगस्ट २०१९ मध्ये पाकिस्ताननेच व्यापार थांबवला. पहलगामच्या हल्ल्यानंतर २ मे २०२५ रोजी भारताने तिथून येणारा माल, थेट असो वा दुसऱ्या देशातून आलेला, पूर्ण बंद केला. निरपराध माणसे मारली गेल्यावर सरकार स्वस्थ बसणार नाही, हे उघड आहे. त्यावर वाद नाही.

मात्र दुबईची जुनी पळवाट ज्यांना अजून शहाणपणाची वाटते त्यांनी सावध व्हावे. खैरपूरची खारीक दुबईची म्हणून आणणाऱ्यांचा माल महसूल गुप्तचर संचालनालयाने जून २०२५ मध्ये न्हावा शेव्याला पकडला. एकंदर ३९ कंटेनर होते. आपल्या कापडबाजारात ‘पाकिस्तानी सूट’ म्हणून जे विकले जाते ते बहुतेक सुरतेत बनलेले असते, नाव फक्त पॅटर्नचे. तेव्हा बिलावर आणि पिशवीवर माल जिथला आहे तिथलेच नाव लिहावे. खोटे लेबल लावून दोन पैसे जास्त मिळवण्याचे दिवस गेले, आणि ते कधी बरोबरही नव्हते.

आता कारीगराची गोष्ट. देशांचा तणाव वाढला की त्याची झळ माणसांनाही लागते. २०२५ च्या उन्हाळ्यात बंगाली बोलणाऱ्या मजुरांची ठिकठिकाणी चौकशी झाली. मुंबई परिसरातून धरलेल्या पश्चिम बंगालच्या काही मजुरांना सीमेपलीकडे ढकलण्यात आले आणि ते भारतीय नागरिक असल्याचे सिद्ध झाल्यावर परत आणावे लागले. मुर्शिदाबाद-मालद्याचा कारीगर हा ढाक्याचा नव्हे, तो तितकाच भारतीय आहे जितका मालेगावचा. परंतु पोलीस गाळ्यात येतात तेव्हा मालकाने फक्त ‘चांगला मुलगा आहे’ म्हणून भागत नाही. कारीगर कामावर घेतानाच त्याच्या ओळखपत्रांच्या प्रती, मूळ गावाचा पत्ता आणि घरच्यांचा फोन नंबर नोंदवून ठेवावा. मजुरीची पावती द्यावी, ती हजेरीचा पुरावा होते. ज्याच्याकडे कागद कमी आहेत त्याला सुट्टी देऊन गावी पाठवावे आणि ते आणायला लावावेत. सणाच्या हंगामात दोन कारीगर चौकीत बसले तर सगळा लॉट अडतो, आणि त्या दोघांच्या घरी चूल अडते ती वेगळीच.

राहिला पुढचा प्रश्न. बांगलादेशला गरीब देशांच्या यादीतून बाहेर काढण्यासाठी संयुक्त राष्ट्रांनी २४ नोव्हेंबर २०२६ ही तारीख ठरवलेली आहे. यादीतून बाहेर पडलेल्या देशाला साफ्टामधली गरीब देशांची बिनजकातीची सवलत आपोआप मिळत नाही, त्यासाठी वेगळा करार लागतो. युरोपीय संघाने मात्र अशा देशांना आणखी तीन वर्षे सवलत चालू ठेवण्याचा नियम आधीच करून ठेवला आहे. म्हणजे त्यांचा माल युरोपकडे जास्त आणि इकडे कमी वळण्याचा संभव आहे, दिल्ली-ढाका यांच्यात नवा करार झाला तर गोष्ट निराळी.

या फटीत आपल्याला जागा करायची असेल तर कारखान्याची सोय आधी पाहावी. जीन्समध्ये बांगलादेश जिंकतो तो निव्वळ स्वस्त मजुरीने नाही. एका मापाच्या हजार पॅन्ट घेतल्या तर हजारही सारख्या निघतात आणि धुलाईचे पाणी शुद्ध करणारी यंत्रणा मोठ्या कारखान्यांत असते. आपल्याकडे धुलाई बंद पडली कारण पाणी सरळ वालधुनीत सोडले जात होते. एकेका गाळेवाल्याला शुद्धीकरणाचा प्रकल्प परवडणार नाही, हे मान्य. पण अंबरनाथ आणि बदलापूरला औद्योगिक वसाहती आहेत, आणि सामाईक सांडपाणी प्रकल्पाची कल्पना रसायनवाल्यांना नवीन नाही. जीन्सवाल्यांनी मालक-कारीगर मिळून संघ करावा, वर्गणी काढावी आणि औद्योगिक विकास महामंडळाकडे धुलाईसाठी वेगळी जागा मागावी. अर्ज एकट्याने केला तर फायलीत राहतो. नोव्हेंबरनंतर ऑर्डर आली आणि धुलाईला माल पुन्हा दुसऱ्या जिल्ह्यात पाठवावा लागला, तर मधले भाडेच नफा खाऊन जाईल.