न बोलावलेल्याची दक्षिणा

ठाण्यात १८४८ साली जन्मलेले नारायण मेघाजी लोखंडे गिरणी कामगारांचे पुढारी म्हणून सर्वांना ठाऊक आहेत. त्यांनी १८८० पासून चालवलेल्या ‘दीनबंधु’ या वृत्तपत्राची दुसरी लढाई मात्र मागे पडली: भटाला बोलावलेच नाही, तर दक्षिणा का द्यायची?

तेव्हा ग्रामजोशीपण, म्हणजे गावचे पौरोहित्य, हे वंशपरंपरागत वतन होते. जुन्नरजवळच्या ओतूरला बाळाजी कुसाजी पाटलांनी १८८४ च्या सुमारास सत्यशोधक पद्धतीने, म्हणजे भटाविना, घरची लग्ने लावली. गावच्या जोशांनी थेट दिवाणी दावाच ठोकला. पौरोहित्य केले नाही, तरी हक्काचे पैसे हवेत!

इंग्लंडच्या क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या लोकांनी हे दोनशे वर्षे आधी भोगले होते. त्यांच्या पंथात पगारी पाद्री नव्हता. तरी उत्पन्नाचा दहावा हिस्सा सरकारमान्य चर्चला देणे सक्तीचे. नकार दिला की जप्ती. गाय जाई, स्वयंपाकघरातली कथलाची ताटेही जात, अनेकदा थकबाकीच्या कितीतरी पट किमतीची. काही जण तुरुंगातच वारले. हे सारे त्यांनी वहीत टिपून ठेवले, आणि ती सवय आपल्याकडे हवी होती.

मुंबई इलाख्यात न केलेल्या विधीची दक्षिणा मागण्याचा वंशपरंपरागत हक्क १९२६ च्या कायद्याने रद्द झाला. डोंबिवलीत आज गुरुजींची दक्षिणा फोनवर आधी ठरते, ती त्यानंतरची गोष्ट.