जुना गेम, जुनाच फोन

पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघाली तरी पहिली कुणाच्या तरी कपाटात राहते. फोनमध्ये तसं नाही, मंडळी. अपडेट आलं की जुनी आवृत्ती पुसलीच जाते.

रोव्हिओ कंपनीचा ‘अँग्री बर्ड्स’ घ्या. डिसेंबर २००९ मध्ये आयफोनवर आला, २०१९ मध्ये स्टोअरवरून काढला. लोक मागे लागले, तेव्हा २०२२ मध्ये परत आणला. पण युनिटी इंजिनावर नव्याने बांधून. म्हणजे गलोलीचा ताण तसाच वाटेल, पण आतलं यंत्र वेगळं. अन् फेब्रुवारी २०२३ मध्ये तोही प्ले स्टोअरवरून गेला. का, तर कंपनीच्या इतर गेम्सवर परिणाम होतो म्हणे!

बरं, मूळ फाइल जपली तर? अर्धंच काम झालं. २०१७ च्या आयओएस ११ ने ३२-बिट अ‍ॅप चालवणंच बंद केलं. त्यामुळे फाइलबरोबर तिला चालवणारी जुनी सिस्टिमही हवी, किंवा तिची नक्कल करणारा एम्युलेटर. आणि गेम कंपनीच्या सर्व्हरवर चालणारा असेल, तर सर्व्हर बंद झाल्यावर फाइल असून नसल्यासारखीच.

तुमच्या ड्रॉवरमध्ये जुना फोन पडलाय? एक्स्चेंजला देण्याआधी त्यात काय आहे ते बघा. आणि हो, चार्ज झाल्या झाल्या अपडेटचं बटण दाबू नका.