अनातोली सोलोनित्सिन

अनातोली सोलोनित्सिन (३० ऑगस्ट, १९३४ – ११ जून, १९८२) हे सोव्हिएत रंगभूमी व चित्रपट अभिनेते होते. दिग्दर्शक आंद्रेई तार्कोव्स्की यांच्या चित्रपटांतील भूमिकांसाठी ते ओळखले जातात. त्यांचे काही महत्त्वाचे चित्रपट वर्षानुवर्षे अडवून ठेवले गेल्याने त्यांचे काम प्रेक्षकांपर्यंत उशिरा पोहोचले.

सुरुवातीचे जीवन
सोलोनित्सिन यांचा जन्म गोर्की प्रदेशातील बोगोरोद्स्क येथे झाला. ध्रुवीय संशोधक ओटो श्मिट यांच्यावरून त्यांचे नाव ओटो ठेवण्यात आले होते; ते पुढे अनातोली या नावाने परिचित झाले. मॉस्कोतील नाट्यसंस्थेत प्रवेश न मिळाल्याने त्यांनी स्व्हेर्दलोव्स्क येथील नाट्यगृहाच्या अभिनयशाळेत शिक्षण घेतले व तेथेच रंगभूमीवर काम केले.

चित्रपट कारकीर्द
'आंद्रेई रुब्लेव' या चित्रपटाची पटकथा नियतकालिकात वाचून ते स्वतःहून मॉस्कोला गेले आणि मध्ययुगीन चित्रकाराच्या मुख्य भूमिकेसाठी निवडले गेले. मौनव्रत सोडणाऱ्या माणसाचा आवाज साधावा म्हणून त्यांनी चित्रीकरणापूर्वी दीर्घकाळ मौन पाळले. चित्रपट १९६६ मध्ये पूर्ण झाला; मात्र सोव्हिएत संघात तो १९७१ मध्ये प्रदर्शित झाला. त्याच वर्षी अलेक्सेई गेरमान यांचा 'ट्रायल ऑन द रोड' तयार झाला. शत्रूला मिळून पुन्हा परतलेल्या सैनिकाकडे सहानुभूतीने पाहणारा हा चित्रपट १९८६ पर्यंत रोखण्यात आला. त्यातील संशयी मेजर पेतुश्कोव ही आपली भूमिका प्रेक्षकांसमोर आलेली सोलोनित्सिन यांना पाहता आली नाही.

तार्कोव्स्कींच्या 'सोलारिस' (१९७२) मध्ये त्यांनी शास्त्रज्ञ सार्टोरियसची, 'मिरर' (१९७५) मध्ये वाटसरू डॉक्टरची, तर 'स्टॉकर' (१९७९) मध्ये लेखकाची भूमिका केली. लारिसा शेपित्को यांच्या 'द असेंट' (१९७७) या चित्रपटात जर्मनांना सामील झालेला चौकशी अधिकारी पोर्तनोव त्यांनी रंगवला. त्याच वर्षी मॉस्कोत तार्कोव्स्कींनी दिग्दर्शित केलेल्या नाटकात ते हॅम्लेट झाले होते.

सन्मान व अखेर
अलेक्झांडर झार्खी यांच्या चित्रपटातील दोस्तोयेव्स्कीच्या भूमिकेसाठी १९८१ च्या बर्लिन महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे रौप्य अस्वल मिळाले. पुढच्याच वर्षी, वयाच्या ४७ व्या वर्षी, फुप्फुसाच्या कर्करोगाने त्यांचे निधन झाले. 'नॉस्टॅल्जिया' (१९८३) मधील नायकाची भूमिका तार्कोव्स्की त्यांनाच देणार होते. ती अखेर ओलेग यान्कोव्स्की यांनी केली.