धर्मोपदेशक विधिमंडळांत

मताधिकार मिळाला म्हणजे प्रतिनिधित्वाचा हक्कहि मिळाला, असें सामान्यतः समजलें जातें. अमेरिकेंतील जॉर्जिया राज्याच्या विधिमंडळानें १८६८ सालीं तसें मानलें नाहीं. या निर्णयाचा आघात सोसणाऱ्यांत हेन्री मॅकनील टर्नर हे मेथॉडिस्ट धर्मोपदेशक होते.

टर्नर यांचा जन्म १८३४ सालीं दक्षिण कॅरोलिनांत एका स्वतंत्र कृष्णवर्णीय कुटुंबांत झाला. १८५३ मध्यें त्यांस प्रवचनाचा परवाना मिळाला. १८५८ मध्यें ते कृष्णवर्णीयांनींच स्थापिलेल्या आफ्रिकन मेथॉडिस्ट एपिस्कोपल पंथांत आले. यादवी युद्धांत ते पलटणीचे धर्मगुरु होते. पुढें जॉर्जियांत त्यांनीं नव्या मंडळ्या उभारल्या आणि १८६८ सालीं मेकन शहराच्या भागांतून ते कनिष्ठ सभागृहावर निवडून आले.

गोऱ्या सभासदांचा कोटिक्रम असा कीं, राज्यघटनेनें कृष्णवर्णीयांस मत दिलें आहे, अधिकारपद नव्हे. ३ सप्टेंबर रोजीं टर्नर यांनीं सभागृहास बजावलें कीं, आपण याचना करण्यास नव्हे, हक्क मागण्यास उभे आहोंत. तरीहि त्यांस व त्यांच्या बांधवांस काढून टाकण्यांत आलें.

१८६९ मध्यें राज्याच्या सर्वोच्च न्यायालयानें कृष्णवर्णीयांचा अधिकारपदाचा हक्क मान्य केला. परंतु गेलेल्या जागा परत मिळाल्या त्या १८७० सालीं, राष्ट्रीय काँग्रेसनें कायदा केल्यावरच!

टर्नर १८८० मध्यें बिशप झाले. अमेरिकेंत न्याय मिळेल ही आशा मावळल्यानें पुढें ते आपल्या बांधवांस आफ्रिकेंत जाण्याचा उपदेश करूं लागले. १९१५ सालीं त्यांचें निधन झालें. घटनेंतील शब्दाचा अर्थ बहुमतावर सोंपविल्यास अल्पसंख्यांकांचें काय होतें, हें त्यांच्या चरित्रावरून दिसतें.