चॉकलेटी बुटांचा एक जोड आणि तिच्या कपाटातले पाच पेहराव



आजचा विषय आहे बायकांचे ब्राऊन लेदर बूट. बंद, फॉर्मल, ऑफिसला घालायचे. आपल्याकडे गिऱ्हाईक त्यांना 'चॉकलेटी बूट' म्हणतं. राजापूरसारख्या गावात हा माल ठेवायचा म्हटलं की दुकानदाराच्या पोटात गोळा येतो. ताई जोड हातात घेतात, पायात घालून आरशात बघतात, छान आहे म्हणतात. मग ठरलेला प्रश्न येतो, "पण हा घालू कशावर?" आपण म्हणतो, "कशावरही चालेल हो!" ताई जोड खाली ठेवतात आणि काळी सँडल घेऊन जातात.

असं का होतं? कारण 'कशावरही चालेल' यातून त्यांना काहीच कळलेलं नसतं. दोन हजार रुपये घालून आणलेली वस्तू कपाटात पडून राहील, ही त्यांची भीती. त्या भीतीवर उपाय एकच. त्यांच्या स्वतःच्या कपाटात आज जे कपडे आहेत, त्यातले पाच पेहराव नाव घेऊन सांगायचे. नवीन एकही कपडा घ्यायला लावायचा नाही. पाच सांगता आले तर जोड विकला जातो आणि वापरलाही जातो. वापरला गेला तरच ताई परत येतात, बहिणीला घेऊन येतात.

गिऱ्हाईक कोण, ते आधी बघा

आपल्याकडे हा बूट घेणारी बाई मॉडेल नसते. ती शिक्षिका असते, तहसील किंवा पंचायत समितीत काम करते, बँकेत, पतसंस्थेत असते, नाहीतर मुलाखतीसाठी रात्रीच्या गाडीने मुंबईला निघालेली मुलगी असते. यातल्या बऱ्याच जणींचा पेहराव सरकारी कागदावर आलेला आहे. राज्य सरकारच्या डिसेंबर २०२० च्या परिपत्रकात महिला कर्मचाऱ्यांसाठी साडी, सलवार किंवा चुडीदार-कुर्ता, ट्राऊझर आणि त्यावर कुर्ता किंवा शर्ट असं सुचवलं होतं. कार्यालयात स्लीपर नको, हेही त्यात होतं. मार्च २०२४ मध्ये शाळांसाठी सूचना आल्या. शिक्षिकांनी साडी किंवा सलवार-चुडीदार, कुर्ता आणि दुपट्टा, जीन्स-टीशर्ट नको.

म्हणजे तिच्या कपाटात काय आहे, याचा अर्धा अंदाज दुकानात बसून येतो. त्यावरून बोला. परदेशी फोटोतला लांब कोट दाखवून उपयोग नाही.

ब्राऊन कशाशी जमतो आणि का

सोपं रंगशास्त्र आहे. ब्राऊन म्हणजे मुळात गडद केलेला नारिंगी. रंगचक्रात नारिंगीच्या बरोबर समोर निळा बसतो. समोरासमोरचे रंग एकमेकांना उठाव देतात. म्हणून नेव्ही ब्लू, इंडिगो, आकाशी या सगळ्यांखाली चॉकलेटी बूट खुलतो. ऑफ-व्हाइट, मोहरी, बाटली हिरवा, राखाडी हेही बिनधास्त सांगा.

अडचण काळ्याची. गडद कॉफी रंगाचा बूट काळ्या पँटखाली घातला की बघणाऱ्याला वाटतं, काळा घालायचा होता, अंधारात दुसराच घातला. काळ्या कपड्यांवर घालायचाच असेल तर फिका टॅन द्या, म्हणजे फरक स्पष्ट दिसतो.

आणखी एक मुद्दा खास आपल्या भागातला. जांभ्याची लाल धूळ काळ्या बुटावर लगेच उठून दिसते. चॉकलेटी बुटावर ती मिसळून जाते. वाडीतून एसटी स्टॉपपर्यंत चालत येणाऱ्या शिक्षिकेला हे एक वाक्य पुरतं.

आता पाच पेहराव

पहिला, कॉटनची साडी. "साडीवर बूट?" असं कुणी म्हटलं तर त्यांना कोल्हापुरी आठवून द्या. बाभळीची साल आणि हिरडा यांनी कमावलेल्या चामड्याचा तो तपकिरी रंग आपल्याकडच्या बायकांनी साडीखाली पिढ्यान्पिढ्या वापरला आहे. जून २०२५ मध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये प्राडाने तसल्याच चपला दाखवल्या, तेव्हा जगभर चर्चा झाली. रंग आपला जुनाच आहे, फक्त आकार बंद झाला. साडीवर लेसचा बूट टाळा. पुढून बंद लोफर किंवा बॅलेरिना द्या, टाच रुंद, साधारण दीड इंचाची. महत्त्वाची सूचना: साडी नेसताना बूट आधी पायात घालायला सांगा. निऱ्यांची उंची बुटासकट ठरली की काठ जमिनीला घासत नाही आणि पायही अडकत नाही.

दुसरा, कुर्ता आणि सरळ पँट. आपल्याकडे सगळ्यात जास्त खपणारी जोडी हीच. नेव्ही किंवा इंडिगो कुर्ता, ऑफ-व्हाइट पँट, चॉकलेटी लोफर. पँट घोट्याच्या हाडाशी संपली पाहिजे. बुटावर कापडाच्या चुण्या पडल्या की चांगला बूटही भाड्याने आणल्यासारखा दिसतो. टेलरकडे एक इंच आत घ्यायला फार खर्च येत नाही, तेवढं सुचवाच.

तिसरा, ट्राऊझर आणि शर्ट. इथे लेसचा बूट शोभतो. ऑक्सफर्ड आणि डर्बी यांतला फरक काउंटरवरच्या मुलीला शिकवून ठेवा. ऑक्सफर्डमध्ये लेसच्या पट्ट्या पुढच्या चामड्याखाली शिवलेल्या असतात, त्यामुळे तो बेताचाच उघडतो. डर्बीत त्या पट्ट्या वरून शिवलेल्या असतात, बूट जास्त उघडतो. वर्षानुवर्षं चप्पल घातलेल्या रुंद पंजाच्या पायाला डर्बी सुखाचा. मोजे पँटच्या रंगाचे.

चौथा, जीन्स आणि खादीची कुर्ती, सुट्टीच्या दिवसासाठी. टॅन रंगाचा ब्रोग, म्हणजे ज्यावर भोकांची नक्षी असते तो, इथे छान दिसतो. शाळेत जीन्स चालत नाही, पण रविवार तर शिक्षिकेलाही असतो.

पाचवा, चुडीदार आणि हातमागाचा दुपट्टा. दुपट्ट्यात ब्राऊन, मोहरी किंवा मरून रंगाची एक तरी रेघ असली की खालचा बूट आणि वरचा दुपट्टा जोडले जातात. पर्स अगदी त्याच छटेची हवी असं नाही, त्याच घराण्यातली असली तरी चालते.

आता जिथे नाही म्हणायचं ते. पैठणी, जरीचा शालू, लग्नातला लेहंगा. यावर हा बूट विकू नका. ताईंनी विचारलं तर सरळ सांगा, "यावर नको ताई, लग्नाला कोल्हापुरी किंवा मोजडी घाला." या एका नकारामुळे तुमच्या आधीच्या पाच होकारांवर विश्वास बसतो.

मुलाखतीला जाणाऱ्या मुलीसाठी दहा मिनिटं जास्त द्या

ब्रिटनमधल्या सोशल मोबिलिटी कमिशनचा २०१६ चा एक अहवाल आहे. लंडनच्या गुंतवणूक बँकांमध्ये नोकरीसाठी येणाऱ्या मुलांची पारख कशी होते, हे त्यात तपासलं होतं. सूटवर ब्राऊन बूट घालून आलेला मुलगा काही वरिष्ठांना 'आपल्यातला नाही' असा वाटायचा. नियम कुठेच लिहिलेला नव्हता. श्रीमंत घरातल्या मुलांना तो घरातूनच माहीत असायचा. साध्या घरातून आलेला हुशार मुलगा मात्र बुटांच्या रंगावर मागे पडायचा, आणि का, ते त्याला कुणी सांगायचंही नाही.

तो नियम लंडनच्या पुरुषांचा. आपल्याकडे मुलींच्या चॉकलेटी बुटाला कुणी नावं ठेवत नाही. पण न लिहिलेले नियम आपल्याकडेही आहेतच. टाच टकटक वाजू नये, बूट पॉलिश केलेला असावा, पाय चावतोय म्हणून लंगडत आत जाऊ नये. ज्या घरातून पहिलीच मुलगी मुलाखतीला निघालीय, तिथे हे सांगणारं कुणी नसतं. अशा वेळी बूट विकणारा माणूस गप्प बसला तर तिने कुणाला विचारायचं?

म्हणून तिला नेव्ही पँट, ऑफ-व्हाइट शर्ट किंवा साधा कुर्ता, गडद चॉकलेटी बूट एवढंच सांगा. बूट संध्याकाळी मापून घ्यायला सांगा, कारण दिवसभरात पाय थोडे फुगतात आणि सकाळचं माप संध्याकाळी चावतं. मुलाखतीच्या आधी आठवडाभर रोज तासभर घरात घालायला लावा. नवीन बूट थेट प्रवासात नको.

पावसाळ्याचं खरं खरं सांगा

जून ते सप्टेंबर आपल्याकडे लेदरची परीक्षा असते. अर्जुना-कोदवलीचं पाणी जवाहर चौकात शिरतं, तिथे लेदरच्या बुटाने काय करावं? हे लपवू नका. विकतानाच सांगा, "चार महिने हा आराम करणार, तेव्हा रबरी चप्पल किंवा सँडल."

ठेवायचा कसा, तेही सांगा. पॉलिश करून, आत वर्तमानपत्राचे बोळे भरून, सुती पिशवीत. प्लास्टिकच्या पिशवीत बांधला की बुरशी आलीच म्हणून समजा. दोन आठवड्यांनी बोळे बदलायचे. बुरशी आलीच तर अंगणात नेऊन कोरड्या फडक्याने पुसायची, मग पाण्यात थोडं व्हिनेगर घालून फडकं जेमतेम ओलं करून पुसायचं, सावलीत वाळवायचं आणि शेवटी क्रीम लावायचं. भिजलेला बूट उन्हात किंवा चुलीजवळ ठेवला तर चामडं कडक होऊन तडकतं.

दुकानदारांसाठी खास सूचना: पीयू सोल जपून घ्या. दमट हवेत नुसता पडून राहिला तरी तो आतून कमजोर होतो आणि काही वर्षांनी पायाखाली चुरा होतो. गिऱ्हाइकाला वाटतं आपण जुना माल गळ्यात मारला. कोकणात रबर किंवा टीपीआर सोल बरा.

आता तुमच्या गल्ल्याचं

तीन डिझाइन, दोन रंग, सहा मापं असा सेट भरला तर ३६ जोड झाले. खरेदी १,२०० रुपये धरली तर ४३,२०० रुपये रॅकवर बसले. त्याऐवजी एकच चॉकलेटी रंग, लोफर आणि डर्बी अशी दोन डिझाइन, पाच मापं, आणि जास्त जाणाऱ्या दोन मापांचा प्रत्येकी एक जादा जोड. एकूण १४ जोड, १६,८०० रुपये. फिका टॅन ऑर्डर घेऊन मागवा.

किंमत ठरवताना जीएसटी बघा. २२ सप्टेंबर २०२५ पासून २,५०० रुपयांपर्यंतच्या जोडावर ५ टक्के आणि त्यापुढे १८ टक्के कर आहे. तोही वरच्या रकमेवर लागत नाही, पूर्ण किमतीवर लागतो. २,५०० चा जोड करासह २,६२५ ला पडतो आणि २,६०० चा जोड ३,०६८ ला! शंभर रुपये वाढवायच्या नादात गिऱ्हाइकाला ४४३ रुपयांचा फटका.

आणि "महाग आहे" म्हणाल्या तर हिशोब कागदावर मांडून दाखवा. पावसाळा सोडून वर्षाचे ३५ आठवडे, आठवड्यातून तीनदा, म्हणजे १०५ दिवस. दोन वर्षं टिकला तर २१० दिवस. २,१०० रुपयांचा जोड दिवसाला १० रुपयांना पडला. सहाशेची सँडल चाळीस वेळा घालून तुटली तर ती दिवसाला १५ रुपयांना पडली. मात्र हा हिशोब तेव्हाच खरा, जेव्हा जोड आठवड्यातून तीनदा पायात जाईल. म्हणून तर पाच पेहराव आधी सांगायचे.

या आठवड्याचा गृहपाठ

घरातल्या एका बाईचं कपाट उघडा. आई, बायको, बहीण, वहिनी, कुणाचंही, पण विचारून. दुकानातला एक चॉकलेटी जोड समोर ठेवा आणि त्या कपाटातून पाच पेहराव काढून पलंगावर मांडा. फोटो घ्या. सहावा फोटो ज्यावर हा बूट शोभत नाही त्या साडीचा घ्या. हे सहा फोटो दुकानातल्या मोबाइलमध्ये ठेवा. पुढच्या वेळी "हा घालू कशावर?" असं विचारलं गेलं की 'कशावरही' म्हणू नका. आधी विचारा, "ताई, तुम्ही रोज काय घालता?" मग फोटो दाखवा.

भेटू पुढच्या मंगळवारी. तोपर्यंत रॅकवरची धूळ झटका आणि मापं मोजून ठेवा!