आपल्या वस्तीची साक्ष

वाटेगावचे (जि. सांगली) अण्णाभाऊ साठे लहानपणी वडिलांबरोबर पायी मुंबईला गेले. पुढे घाटकोपरच्या चिरागनगर झोपडपट्टीत राहून त्यांनी कष्टकऱ्यांचे जगणे शाहिरीत आणि कथांत मांडले. सातारा-सांगलीकडच्या कितीतरी घरांतली माणसे पोटासाठी त्याच मुंबईत गेली. लेखणीने केलेले ते काम पुढे कॅमेऱ्यानेही केले.

आनंद पटवर्धन यांचा 'हमारा शहर' हा माहितीपट १९८५ सालचा. त्यात नट नाहीत. आहेत ती फुटपाथवर आणि झोपड्यांत राहणारी, घर पाडले गेलेली खरी माणसे. त्यात एक बाई चित्रीकरण करणाऱ्यांनाच झाडते. गरिबांची चित्रे घेऊन तुमचे नाव होईल, आमचे काय, असा तिचा सवाल. पटवर्धनांनी तो प्रसंग कापला नाही. प्रश्न रास्तच होता.

याच माहितीपटात शाहीर विलास घोगरे गायले. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला आणि १० जणांचा बळी गेला. चार दिवसांनी घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत जीवन संपवले.

तेव्हापासून पटवर्धन चौदा वर्षे चित्रीकरण करीत राहिले. 'जय भीम कॉम्रेड' २०११ साली पुरा झाला. लांबी तब्बल तीन तास वीस मिनिटे. जमाव टँकर पेटवणार होता म्हणून गोळ्या झाडल्या, असे पोलिसांचे म्हणणे होते. टँकर गोळीबाराच्या जागेपासून दूर होते, हे या माहितीपटाने दाखवून दिले. उपनिरीक्षक मनोहर कदम याला २००९ साली सत्र न्यायालयाने जन्मठेप सुनावली. पुढे उच्च न्यायालयाने त्याला जामीन दिला. हा माहितीपट वस्त्यावस्त्यांतून दाखवला गेला. ज्यांचे दुःख त्यात होते, त्यांच्यासमोर तो गेला. त्या बाईच्या सवालाचे थोडे तरी उत्तर त्यात आहे.

नोंद जपली की ती बोलते. साताऱ्याच्या शाळेच्या रजिस्टरात 'भिवा रामजी आंबेडकर' हे नाव ७ नोव्हेंबर १९०० रोजी लिहिले गेले. ते जपले, म्हणून तो दिवस आज महाराष्ट्रात विद्यार्थी दिवस आहे.

आता कॅमेरा घराघरांत, मोबाईलमध्ये आहे. १९५६ ची धम्मदीक्षा डोळ्यांनी पाहिलेली माणसे मोजकीच उरली आहेत. सफाई कामगार, हमाल, वीटभट्टीवर राबलेल्या आया-मावश्या यांचे बोल कोणत्याच दप्तरात नाहीत. तरुणांनो, त्यांची परवानगी घ्या, शेजारी बसा, मध्ये न बोलता ऐका. नाव, गाव, साल विचारून घ्या. एक प्रत त्यांच्या घरी द्या, एक विहारात ठेवा आणि पौर्णिमेला सगळ्यांना दाखवा. आपली साक्ष आपणच जपली पाहिजे.

जयभीम!