संजीवनी : एका विद्येचे राज्यकारण

अहिल्यानगर जिल्ह्यातल्या कोपरगावला गोदावरीच्या काठी बेट नावाचा भाग आहे. तिथे शुक्राचार्यांचे मंदिर आहे आणि कचेश्वराचेही. दैत्यांच्या गुरूचा आश्रम इथेच होता, कच इथेच शिकला, असे इथले लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगतात. शुक्राचार्यांच्या दारात लग्न लावायला मुहूर्त पाहावा लागत नाही, अशीही श्रद्धा आहे. तालुक्यातल्या साखर कारखान्यापासून शिक्षणसंस्थेपर्यंत ‘संजीवनी’ हे नाव चालत आले, ते याच आठवणीतून.

मेलेल्याला उठवणारी ही संजीवनी विद्या प्रत्यक्षात कुणी पाहिलेली नाही. ती महाभारतकाराच्या प्रतिभेतून आली. पण आदिपर्वात तिचा कारभार इतका चोख रचला आहे, की कल्पित विद्या कशी घडवावी याचा याहून चांगला नमुना आपल्या वाङ्मयात मला दिसत नाही. चमत्कार सांगणे सोपे असते. त्या चमत्कारापायी समाजाची घडी कशी बदलते, हे सांगायला मोठा कवी लागतो.

देव आणि दानव यांच्यात त्रैलोक्याच्या ऐश्वर्यासाठी युद्ध पेटलेले. दोन्हीकडे पुरोहित तोलामोलाचे, इकडे बृहस्पती, तिकडे शुक्राचार्य. फरक एवढाच, की युद्धात पडलेले दानव शुक्राचार्य पुन्हा उभे करत आणि बृहस्पतींना ते जमत नसे. सैन्याची सारी भिस्त अशी एका माणसावर आली. ही विद्या ग्रंथात लिहिलेली नाही, कुठल्या शस्त्रात भरलेली नाही. ती गुरूच्या जिभेवर आहे आणि गुरूने दिली तरच मिळते.

याची किंमत दानवांना मोजावी लागली. दानवराज वृषपर्वा याची मुलगी शर्मिष्ठा आणि शुक्राचार्यांची देवयानी यांचे वस्त्रांवरून भांडण झाले. तुझा बाप माझ्या बापाची स्तुती करून पोट भरतो, असे शर्मिष्ठेने देवयानीला सुनावले आणि तिला विहिरीत ढकलले. अपमान तसा दोन मुलींमधला. पण शुक्राचार्य राज्य सोडून निघाले, तेव्हा राजाचे धाबे दणाणले. जे काही माझे आहे ते सारे तुमचे, असे म्हणत त्याने गुरूचे पाय धरले, आणि राजकन्या हजार दासींसह देवयानीची दासी झाली. सिंहासनावर वृषपर्वा बसत होता, पण सत्ता कुणाच्या हाती होती हे त्या दिवशी सगळ्यांना दिसले. देवयानीचे पुढे ज्याच्याशी लग्न झाले, त्या ययाती राजाच्या घरातला सगळा अनर्थ इथूनच सुरू होतो.

ही घटना कचाच्या जाण्यानंतरची. त्याआधी देवांनी बृहस्पतीच्या या मुलाला ही विद्या मिळवायला शत्रूच्या गुरूकडे पाठवले होते. कच खोटे नाव सांगत नाही. मी बृहस्पतीचा मुलगा, मला शिष्य करा, असे तो उघड म्हणतो आणि शुक्राचार्य त्याला ठेवून घेतात. या प्रसंगाची थोरवी मला फार वाटते. विद्यार्थी आला की गुरूने शत्रू-मित्र पाहायचा नाही, हा त्या समाजाचा नियम युद्धातही मोडला जात नाही.

दानवांना मात्र धोका कळला होता. गाई राखायला गेलेल्या कचाला त्यांनी मारले आणि तुकडे लांडग्यांना घातले. देवयानीने हट्ट धरला, शुक्राचार्यांनी हाक मारली, आणि लांडग्यांची पोटे फाडून कच परत आला. फुले आणायला गेला तेव्हा पुन्हा तेच झाले. मग दानवांनी त्याला जाळून राख मद्यात कालवली आणि ते मद्य गुरूलाच पाजले. इथे विद्येची मर्यादा उघडी पडते. कचाला जिवंत करायचे तर गुरूचे पोट फाटणार. दोघे वाचायचे तर एकच मार्ग, पोटातल्या शिष्याला विद्या देणे. दानवांनी जी चोरी टाळण्यासाठी खून केले, ती त्यांच्याच हातून घडली. कच बाहेर आला आणि त्याने पहिल्यांदा ती विद्या वापरली, ती मेलेल्या गुरूला उठवण्यासाठी.

शुद्धीवर आलेल्या शुक्राचार्यांनी ब्राह्मणांना मद्य निषिद्ध ठरवले. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांनी नेमका हा धागा उचलला. त्यांचे ‘विद्याहरण’ 1913 साली किर्लोस्कर मंडळीने रंगभूमीवर आणले, देवयानी होते बालगंधर्व. याच खाडिलकरांच्या ‘कीचकवधा’वर इंग्रज सरकारने 1910 साली बंदी घातली होती. पुराणकथेतून आजचे बोलण्याची त्यांची हातोटी ‘विद्याहरणा’तही आहे, व्यसनापायी एका समाजाचे सर्वात मोठे बळ कसे हातचे जाते, हे ते दाखवतात. पुढे वि. स. खांडेकरांनी ‘ययाति’त (1959) कचाला कादंबरीचा नैतिक आधार केले.

शेवटची कलाटणी मूळ कथेतच वाचावी अशी आहे. तुझ्या पित्याच्या पोटातून मी जन्मलो, तू माझी बहीण, असे म्हणून कच लग्नाची मागणी घालणाऱ्या देवयानीला नाकारतो. तुला विद्या फळणार नाही, असा शाप ती देते. त्यावर कचाचे उत्तर असे, की मला न फळो, मी ज्याला शिकवीन त्याला फळेल. एका घरात कोंडलेली विद्या अशी शिष्यपरंपरेत जाते, आणि दानवांची मक्तेदारी संपते.

‘विद्याहरणा’ची पदे मैफलीत ऐकायला मिळतात, पण नाटक त्याहून मोठे आहे. आजच्या नाट्यसंस्थांनी ते संपादित करून, पण कथेचा हा कणा न मोडता, पुन्हा रंगमंचावर आणावे.